चौथी हाक

“अक्का, वाल आणायला गेलीस की पेरायला?”

मी चुलीपाशी बसून ओरडलो. कोठीची खोली स्वयंपाकघराला लागूनच होती. दारापासून समोरच्या भिंतीपर्यंत अठरा हात, आणि त्या भिंतीला टेकवलेली वालाची कणगी. माझी थोरली बहीण चांगुणा सूप घेऊन आत गेली होती. एवढ्या विनोदावर तिनं हसायला हवं होतं. माझ्या विनोदांना हसणारं सगळ्या खोऱ्यात ते एकच माणूस होतं, आणि तीही गप्प.

“चांगुणे,” आईनं भाकरी थापता थापता हाक मारली.

काही नाही.

“चांगुणे.”

भाकरी परातीतच राहिली. तिसरी हाक मारली तेव्हा आई उभी होती.

आमचं ओलवण धुक्याच्या खोऱ्यात आहे. वर्षातले सात महिने शेजाऱ्याचं घर दिसत नाही. आमचे शेजारी पाहता ते सोयीचंच आहे. पण धुक्यात माणसं हरवतात, कड्यावरून जातात. म्हणून खोऱ्यात एकच कायदा आहे आणि तो पोरांना चालायच्या आधी शिकवतात. कुणी हाक मारली की ओ द्यायची. तीन हाकांना ओ आली नाही, तर हाक मारणाऱ्यानं जायचं. विचारायचं नाही, थांबायचं नाही, कंदील शोधत बसायचं नाही. ‘चौथी हाक पायांनी’ असं आमच्याकडे म्हणतात. या कायद्यानं किती माणसं वाचली त्याची गाणी आहेत. वाचवायला गेलेली किती परत आली नाहीत, त्याची नाहीत. चाल बसत नसावी.

आईनं उंबरा ओलांडला, एक पाऊल टाकलं आणि थांबली. आत धुकं होतं. घरात, छपराखाली, पांढरंशुभ्र.

“केरू,” ती मला म्हणाली, “भिंत कुठाय रे?”

तेवढ्यात आतून, खूप लांबून, टेकडीपलीकडून यावी तशी अक्काची ओ आली. मागून दुसरी, मग तिसरी. मग बारीक आवाजात, “किती हाका मारशील आई? येतेय ना. एवढी चालतेय तरी दार येईना.”

आई मागे सरकली. मी तिला हात धरून बाहेर घेतलं. भाकरी करपत होती.

शेजारच्या तात्या सुपलकरांना करपल्याचा वास आला आणि ते धावत आले. तात्यांचा आवाज खोऱ्यात सगळ्यात मोठा, आणि दम सगळ्यात कमी. त्यांनी दारात उभं राहून तिन्ही हाका एका श्वासात मारल्या, कारण त्यांची धार काढायची राहिली होती. ओ आली नाही. तात्या आत शिरले, दोन पावलं टाकून घाबरून बाहेर आले. मग त्यांची बायको गंगूकाकू आली. तिनं हाका मारल्या, एक पाऊल आत. मग खालच्या आळीचा महादू गुरव आला. दोन पावलं. प्रत्येकाला मी सांगत होतो, “ओ येते, जरा उशिरा येते.” पण तीन हाका होऊन गेलेल्या माणसाला काही सांगण्यात अर्थ नसतो. त्याचे पाय त्याचे राहिलेले नसतात.

“मी तिन्ही नीट मारल्या,” तात्या ओसरीवर ताक पिता पिता म्हणाले. “मोजून मारल्या. नंतर कुणी बोल लावायला नको.”

त्यानंतर बऱ्याच वेळानं, सगळे ओसरीवरच असताना, कोठीतून आवाज यायला लागले. “ओ.” “ओ.” “ओ.” एकेक करून नऊ. मग अक्का म्हणाली, “अहो तात्या, ओ देतेय ना मी. बहिरे झालात का?”

तात्यांनी ताकाचा पेला खाली ठेवला.

*

दुपारी मोजणीखात्याच्या धुरपदाबाई आल्या. पन्नाशीच्या, वाळक्या, कमरेला फडताळाच्या किल्ल्या लावाव्या तशा मोजपट्ट्या लावलेल्या. त्या घोरपडीवर बसून आल्या होत्या. खात्याची घोरपड म्हशीएवढी असते आणि तिला कशातच रस नसतो. बाईंनी तिला अंगणातल्या खुंट्याला बांधलं, कोठीच्या उंबऱ्यावर आडव्या झाल्या आणि आतल्या सारवणावरचे पायाचे ठसे मोजले.

“इकडून सहा पावलं,” त्या म्हणाल्या. “तिकडून तिनं किती टाकली देव जाणे. वरचा राजरस्ता पाहिलायस?”

“पाहिलाय. दोन दिवसांची वाट आता अर्ध्या दिवसात होते. राजाच्या जादूगारांनी आखडून दिली.”

“आखडलेली वाट कुठं गेली असं वाटतं तुला?”

मी कोठीच्या दाराकडं पाहिलं.

“हं,” बाई म्हणाल्या. “कुठंतरी निघतेच. गेल्या महिन्यात बेलसरीच्या एका विहिरीत निघाली. पोहरा सोडलाय, अजून पाण्याला लागलेला नाही. त्याआधी एका हवालदाराच्या बुटात निघाली होती.”

“मग त्यानं काय केलं?”

“पाय घालतोय अजून.”

याला लांबण म्हणतात. बाईंनी आम्हाला नीट समजावलं, कारण कागदावर आमचा अंगठा घ्यायचा होता. लांबणीत पाऊल टाकलं की त्या पावलाच्या पुढं अंतर दुप्पट होतं. मागचं वाढत नाही, म्हणून शिरलेला माणूस आपल्याच ठशांवरून मागं फिरून सुखरूप बाहेर येतो आणि त्याला वाटतं काही झालं नाही. आत जो अडकला, तो मात्र दर पावलाला दुप्पट लांब जातो. तो स्वतः दाराकडं चालला तरी तसंच.

“उपाय?” आईनं विचारलं.

“काही करायचं नाही हाच उपाय. कुणीही पाऊल टाकलं नाही तर लांबण आपोआप आटते. तीन दिवस धरा. चौथ्या दिवशी तुमची मुलगी सूप घेऊन बाहेर येईल आणि उशीर झाला म्हणून तुम्ही तिला बोलाल.”

“तीन दिवस उपाशी?”

“आत भूक लागत नाही. तहान लागत नाही. वयही होत नाही. लांबणीत माणूस मरत नाही.” बाईंनी मोजपट्टी कमरेला अडकवली. “लोकांना ही चांगली बातमी वाटते.”

मग त्या माझ्याकडं वळल्या. “दारात तू बसायचंस. आत कुणाला सोडायचं नाही. आणि हाक मारायची नाही. बोल, गा, शिव्या दे, पण हाक नको. तुमच्या खोऱ्याचं मला माहीत आहे. तिला सांग बसून राहा, आणि तिच्याशी बोलत राहा. एकटं वाटलं की माणूस उठून चालायला लागतं.”

“मी विनोद सांगू शकतो.”

बाईंनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. “दुसरं काही येतं?”

“नाही.”

“मग सांग.”

खबरदारी म्हणून आईनं माझा डावा पाय म्हशीच्या दाव्यानं जात्याला बांधला. मी एकोणीस वर्षांचा होतो. गावातली माणसं येऊन बघून जात होती.

*

पहिला विनोद सांगितला आणि अंक मोजायला लागलो. चारशे सहाव्या अंकाला अक्काचं हसू आलं. अक्का हसायची ती आधी नाकातून फुस्स, मग घशातून, मग सगळीच. चारशे सहा अंक चालून आल्यावरही त्यातलं काही सांडलं नव्हतं.

“केऱ्या,” तिचा आवाज आला, “एवढा उशिरा पोचला तुझा विनोद, मला वाटलं वाटेत वारला.”

“तू बसून राहा. उठू नकोस. आई विचारतेय, थंडी वाजते का?”

उत्तर यायला वेळ होता म्हणून मी मधल्या वेळात गुरवाच्या शेंडीचा विनोद सांगितला. त्याचा शेवट आणि अक्काचं “नाही गं आई, उबदार आहे” एकदमच आले. पुढचे दोन दिवस आमचं बोलणं असंच चाललं. मी एक विचारायचो, ती आधीचं सांगायची. घरात तसंही यापेक्षा वेगळं कधी चाललं नव्हतं.

तात्या दोनदा येऊन गेले. “मी नुसतं विचारतो, कशी आहेस म्हणून.”

“विचारा, पण नाव घेऊन नको.”

“नाव न घेता कसं विचारू? मग कुणीही ओ देईल.”

“आत एकच माणूस आहे, तात्या.”

तात्यांना ते पटलं नाही, पण माझा पाय जात्याला बांधलेला पाहून त्यांना माझी दया आली आणि ते गेले.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी हसू दीडशे अंकांवर आलं. तिसऱ्या दिवशी सकाळी पहिल्याच विनोदाला नऊ. मी खात्री करायला दुसरा सांगितला. नऊ. आईनं ते ऐकलं आणि भात टाकला. अक्काचं ताट धुऊन पाटासमोर मांडलं, ते नीट दिसेना म्हणून फिरवून परत मांडलं. धुरपदाबाई अंगणात घोरपडीच्या पाठीवर पाणी ओतत होत्या. त्याही गुणगुणत होत्या, म्हणजे बघा.

“बाई, धुकं का जात नाही मग?” मी विचारलं.

“ते शेवटी जातं. जेवायच्या सुमाराला जाईल.”

सकाळी परसात जाताना मी पायाचं दावं सोडलं होतं. ते परत बांधलं नाही. बहीण नऊ अंकांवर आलेली, आणि आपण म्हशीसारखं बसायचं, हे मला बरं वाटेना.

“केरू,” अक्का म्हणाली, “बाहेर आले की तुझ्या एकाही विनोदाला हसणार नाही. तीन दिवसांत पुढच्या दहा वर्षांचं हसून झालंय.”

“तुला जमणार नाही.”

नऊ अंक. “सांग एक. बघच.”

हा आमचा लहानपणापासूनचा खेळ. मी सांगायचं, तिनं हसू धरून ठेवायचं. पाच अंकांच्या पुढं तिला कधी धरता आलं नव्हतं. चोवीस वर्षांची झाली तरी नाही.

मी सांगितला. “तात्यांची म्हैस धुक्यात हरवली. तात्यांनी तीन हाका मारल्या. म्हशीनं ओ दिली नाही. तात्या निघाले शोधायला. इकडं म्हैस घरी आली. बघते तर तात्या नाहीत. तिनं तीनदा हंबरून हाका मारल्या. तात्यांनी ओ दिली नाही. म्हैसही निघाली शोधायला. आता दोघं खोऱ्यात एकमेकांना शोधत फिरतायत, आणि गंगूकाकू म्हणते, घरात इतकी शांतता कधी नव्हती.”

नऊ झाले. मी मनात पाच धरले, चौदा झाले. वीस. तीस झाले तेव्हा मी आईकडं पाहिलं, आईनं पळी भांड्यातच धरून ठेवली होती. चाळीस.

“अक्का,” मी म्हणालो. ती हाक नव्हती. मी विचारत होतो.

अंगणातून बाई म्हणाल्या, “ए, हाक नको.”

“अक्का.”

“केरू,” आई म्हणाली.

“अक्का.” तिसरी माझ्या तोंडून गेली ती मलाच आधी ऐकू आली. पायांना त्याही आधी.

आत पायाखाली सारवण गार होतं. धुकं तोंडात शिरत होतं. मी पळत होतो. ती उठून चालायला लागली असेल, पडली असेल, आणखी काय काय असेल, एवढंच डोक्यात होतं. किती पावलं टाकली ते मी मोजलं नाही. आयुष्यात त्या तीन दिवसांइतकं मी कधी मोजलं नव्हतं, आणि नेमकं ते मोजलं नाही.

मग मला ऐकू आलं. आधी नाकातून फुस्स. मग घशातून.

तिला जमलं होतं. आयुष्यात पहिल्यांदा तिनं हसू धरून ठेवलं होतं.

मी जागच्या जागी थांबलो. हसू मोठं व्हायला लागलं आणि मध्येच, कुणी दोरा कापावा तसं, थांबलं. उरलेलं आलंच नाही.

मी परत फिरलो. दार तिथंच होतं, पळत आलो तेवढ्याच अंतरावर. आई पळी घेऊन उंबऱ्यात उभी होती. तिनं मला मारलं नाही. धुरपदाबाई आडव्या झाल्या, ठसे मोजत आतवर नजर घातली, मग भिंग लावलं, मग वही काढली.

“किती?” मी विचारलं.

“सव्वीस.” त्यांनी लिहिलं. “गावानं मिळून सहा टाकली होती.” टोमणा नव्हता तो. त्या बेरीज करत होत्या.

“मी आता बोललो तर तिला कधी ऐकू येईल?”

“साडेनऊ वर्षांनी.” मग माझ्याकडं न बघता म्हणाल्या, “पण एवढं थांबायला लागणार नाही. पाऊल पडलं नाही तर हीसुद्धा आटेल. महिना धरा.”

आईनं मांडलेलं ताट उचललं नाही. झाकून ठेवलं.

*

महिन्यानं काही आटलं नाही. दोन महिन्यांनी नाही. धुरपदाबाई येऊन दारात घंटा वाजवायच्या आणि भिंतीवरून आवाज परत येतो का ते बघायच्या. येत नसे.

“कुणीतरी पाऊल टाकतंय,” त्या म्हणायच्या. “मला एवढंच कळतं. नाहीतर आटायलाच हवी.”

मग आईला वाटायचं मी टाकतोय. मला वाटायचं आई टाकतेय. आम्ही एकमेकांना काही म्हणालो नाही, पण एक झोपलं की दुसरं त्याचे पाय बघायचं. शेवटी बाईंनी उंबऱ्याच्या आत राख पसरली, दोन हात रुंद, चाळणीनं चाळून. राखेवर ठसा उमटला की चोर सापडणार. पहिल्या वर्षी राखेवरून एक मुंगी गेली. बाईंनी तिच्यावर चार पानी अहवाल लिहिला. खात्याचं उत्तर आलं की मुंगीची पावलं धरत नाहीत.

त्यानंतर राख तशीच राहिली. स्वच्छ. तात्या गेले, जाताना तीन हाका मारून गेले म्हणतात, गंगूकाकू तेव्हा धार काढत होती. राजरस्ता आणखी आखडला, आता वाट दोन घटकांची झाली. आईचे केस पांढरे झाले. मी रोज सकाळी दारात बसून आत एक विनोद सांगत गेलो. त्यातला एकही अजून पोचलेला नव्हता. सगळे एकामागं एक वाटेत होते, आणि पहिल्या वर्षाचे तर मलाही आता आठवत नव्हते.

या फाल्गुनात, सकाळचं ऊन ओसरीवर आलेलं असताना, आई उंबऱ्यापाशी तांदूळ निवडत होती आणि मी दाढी करत होतो.

कोठीतून हसू आलं.

फुस्स नव्हतं. घशातलंही नव्हतं. त्याच्या पुढचं, सगळीच हसते ते. साडेनऊ वर्षांपूर्वी तुटलं होतं तिथूनच सुरू झालं. आईच्या मांडीवरचं सूप कललं आणि तांदूळ राखेत सांडले. हसू खूप वेळ चाललं. ती चोवीस वर्षांचीच होती. मी अठ्ठावीसचा होतो, आणि अर्ध्या तोंडाला साबण.

हसू ओसरलं. मग तिनं दम घेतला, आणि म्हणाली, “जमलं की नाही? केऱ्या, हरलास तू.”

मग बराच वेळ काही नाही. ती माझ्या उत्तरासाठी थांबली असणार. नऊ अंक. तिलाही माहीत होतं नऊच लागतात.

“केरू,” अक्कानं हाक मारली.

आईनं माझा हात धरला.

“केरू.” आता आवाजात हसू नव्हतं.

“ओ दे,” आई म्हणाली. “अरे, ओ दे तिला.”

मी ओ दिली. मोठ्यानं दिली, गंगूकाकू आपल्या घरातून बाहेर आली एवढ्या मोठ्यानं. मी देत असतानाच तिसरी आली.

“केरू.”

आईनं राखेकडं पाहिलं. नऊ वर्षांत तिच्यावर एक मुंगी आणि आजचे तांदूळ, एवढंच. मग उठली, केरसुणी घेऊन आली, उंबऱ्यावर बसून हात लांब करून तिनं सगळी राख झाडून काढली.

“नऊ वर्षं चालतेय पोरगी,” ती म्हणाली.

मी दाराशी कान देऊन बसलो. साबण वाळला. चौथी हाक आली नाही. आमच्याकडे ती तोंडानं मारत नाहीत.